बोटीवरचा गाईड ज्यांचं नाव घेत नाही असे दोन प्रवासी

मंडळी, एप्रिलची १५ तारीख गेली की आम्ही अकाउंटंट लोक पुन्हा माणसात येतो, आणि नेमके त्याच सुमारास भारतातून आई-बाबा, सासू-सासरे यायला लागतात. मग ग्रुपवर दर वर्षीचा प्रश्न येतो. न्यूयॉर्क दाखवायचंय, बाबांचे गुडघे दुखतात, मुलं कंटाळतात, काय करू? माझं उत्तर ठरलेलं आहे: बोटीत बसवा. ४२व्या रस्त्याच्या पश्चिम टोकाला ८३ नंबरच्या धक्क्यावरून सर्कल लाइनची बोट सुटते. १९४५ पासून हा धंदा चालू आहे. छोट्या फेऱ्याही असतात, पण अख्ख्या मॅनहॅटनला वळसा घालणारी अडीच तासांची फेरी घ्या आणि डाव्या बाजूच्या जागा पकडा. बोट बेटाभोवती अशी फिरते की शहर सगळा वेळ डाव्या हाताला राहतं.

गाईड छान बोलतात. आयरिश दुष्काळ, इटालियन गवंडी, रशियातून आलेले ज्यू, सगळे येतात त्यांच्या बोलण्यात. आपण येत नाही. त्यांना दोष देत नाही मी, ते त्यांच्या वहीप्रमाणे चालतात. पण शेजारी बसलेली आपली मुलं ऐकत असतात, आणि त्यांचा समज होतो की हा इतिहास दुसऱ्यांचा आहे, आपले आई-बाप तर दोन-दोन सुटकेस घेऊन नेवार्क एअरपोर्टवर उतरले. म्हणून ही पोस्ट. मोठी आहे, चहा घेऊन बसा.

सुरुवात घरापासूनच करते. आपण पिस्कॅटवेकर रूट १८ वरून रोज रॅरिटन नदी बघतो, पण ती एके काळी न्यूयॉर्कचा रस्ता होती हे पटकन लक्षात येत नाही. जॉन्सन पार्कच्या भागात अठराव्या शतकात रॅरिटन लँडिंग नावाचं छोटं बंदर होतं. समुद्राकडून येणारी होडी नदीतून जिथपर्यंत आत येऊ शकत असे, ती ही जागा. आतल्या शेतांवरचं धान्य आणि पीठ गाड्यांतून इथे यायचं आणि होड्यांत भरून न्यूयॉर्कला जायचं. तिथल्या कॉर्नेलियस लो नावाच्या व्यापाऱ्याचं १७४१ सालचं दगडी घर रिव्हर रोडवर अजून उभं आहे, आत म्युझियम आहे. बंदर मात्र जमिनीखाली गेलं.

पुढे आगबोटी आल्या. रॉबर्ट फुल्टनची आगबोट १८०७ च्या ऑगस्टमध्ये हडसनवरून न्यूयॉर्कहून ऑल्बनीला गेली, दीडशे मैल, सुमारे ३२ तासांत. त्या बदल्यात न्यूयॉर्क राज्यानं फुल्टन आणि त्याचा भागीदार लिव्हिंग्स्टन यांना आपल्या पाण्यात आगबोटी चालवायची मक्तेदारी देऊन टाकली. म्हणजे जर्सीतून बोट आणायची तर त्यांचा परवाना घ्या आणि पैसे मोजा! थॉमस गिबन्स नावाच्या गृहस्थानं हे मानलं नाही. त्यानं बेलोना नावाची बोट काढली आणि तिच्यावर कप्तान म्हणून स्टेटन आयलंडचा एक तरुण ठेवला, कॉर्नेलियस व्हँडरबिल्ट. हो, तोच. हा मनुष्य नदीपलीकडे न्यू ब्रन्सविकला राहायचा, त्याची बायको सोफिया तिथे प्रवाशांसाठी खानावळ आणि मुक्कामाची जागा चालवायची, आणि नवरा न्यू ब्रन्सविक ते न्यूयॉर्क प्रवासी ने-आण करायचा. प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं आणि २ मार्च १८२४ ला निकाल लागला: राज्याराज्यांमधल्या व्यापाराचे नियम काँग्रेस ठरवेल, एका राज्याला मक्तेदारी वाटता येणार नाही. अमेरिकेत कायदा शिकणारं प्रत्येक पोर ‘गिबन्स विरुद्ध ऑग्डेन’ वाचतं. त्याच्या मुळाशी आपल्या दारातल्या बोटीचं भाडं आहे.

आता बोटीवर या. बोट हडसनमधून दक्षिणेला निघते आणि थोड्या वेळात लिबर्टीचा पुतळा, एलिस आयलंड समोर येतं. इथे सगळे फोन वर करतात, गाईडचा आवाज चढतो. १८९२ ते १९५४, एक कोटी वीस लाख माणसं. (जर्सीकरांसाठी जाता जाता: १९९८ साली सुप्रीम कोर्टानं एलिस आयलंडचा बराचसा भाग न्यू जर्सीचा ठरवला. मूळ बेट जेमतेम सव्वातीन एकरांचं, बाकी सगळी भर घातलेली जमीन. मूळचं न्यूयॉर्कचं, वाढीव आपलं. हिशेब चोख.)

माझ्या मुलीला चौथीत एक तक्ता भरायचा होता, कुटुंब अमेरिकेत कसं आलं याचा. एलिस आयलंडसाठी वेगळा रकाना होता. तिनं त्यात ‘एन/ए’ लिहिलं. मी स्वतः दिवसाला पन्नास वेळा कुठल्या ना कुठल्या रकान्यात ते लिहिते, पण तिच्या हस्ताक्षरात ते बघून मला बरं वाटलं नाही. मी तिला सांगितलं ते असं.

१८८३ च्या ४ जूनला याच खाडीतून एक मराठी मुलगी आत आली. आनंदीबाई जोशी, वय वर्षं अठरा, नेसलेलं लुगडं. कलकत्त्याहून एप्रिलमध्ये निघालेली, नवरा बरोबर नाही. गोपाळराव मागे राहिले होते. दोघांनी मिळून परवडेल असा तो प्रवास नव्हता, तिच्या एकटीच्या खर्चासाठीच दागिने विकावे लागले. तेव्हा एलिस आयलंडवर आरमाराचं दारूगोळ्याचं कोठार होतं. शेजारच्या बेटावर पुतळा नव्हता, नुसता जुना किल्ला होता. शहरात सगळ्यात उंच काय, तर ट्रिनिटी चर्चचा कळस. गरीब प्रवाशांची नोंदणी दक्षिण टोकाच्या कॅसल गार्डनमध्ये व्हायची. ती गोल दगडी इमारत अजून आहे, बॅटरी पार्कात पुतळ्याची तिकिटं विकतात तीच.

आणि बोट टोकाला वळसा घालून ईस्ट रिव्हरमध्ये शिरते तेव्हा समोर येतो ब्रुकलिन ब्रिज. हा उघडला २४ मे १८८३ ला. म्हणजे आनंदीबाई आल्या तेव्हा त्याला अकरा दिवस झाले होते. पायी जायला एक सेंट टोल. पाचच दिवस आधी, ३० मेला, तिथे चेंगराचेंगरी होऊन १२ माणसं मेली होती. बोटीवरून मुलांना पूल दाखवताना ही तारीख सांगून बघा, चेहरा बदलतो त्यांचा.

या पुलाची एक गोष्ट मला व्यवसायामुळे फार आवडते. लोखंडी दोरखंडांसाठी तार पुरवायचं कंत्राट जे. लॉइड हेग नावाच्या माणसाला मिळालं होतं. तारेची प्रत्येक गुंडाळी तपासली जायची, पास झाली की दाखला मिळायचा. मग ही चांगली गुंडाळी गोदामातून पुलाकडे जाताना वाटेत बदलली जायची. पुलावर जायची नापास झालेली तार, आणि चांगली परत तपासणीला! तोच माल पुन्हा पुन्हा दाखवून दाखला. आपल्याकडे स्टॉक तपासायला गेलेल्या ज्युनियरला एकच पोती दोन गोदामांत मोजायला लावतात, तोच प्रकार. १८७८ मध्ये हे उघडकीला आलं. तोपर्यंत घातलेली तार काढणं शक्य नव्हतं, म्हणून प्रत्येक दोरखंडात जादा चांगली तार घातली, हेगच्या खर्चानं. रोबलिंगनं पूल मुळातच गरजेच्या कितीतरी पट मजबूत धरला होता म्हणून ती लबाडी पुलाला पचली. वाईट तार आजही आत आहे. रोबलिंग स्वतः आजारानं खोलीत अडकलेला, त्याची बायको एमिली गणित शिकून रोज कामावर जायची आणि त्याच्या सूचना इंजिनिअरांना समजावून सांगायची. आनंदीबाई आणि एमिली एकाच उन्हाळ्यात या एकाच पाण्यापाशी होत्या.

आनंदीबाईंना उतरवून घ्यायला आल्या थिओडिशिया कार्पेंटर. त्यांनी दाताच्या डॉक्टरकडे बसल्या बसल्या एका मासिकात गोपाळरावांचं पत्र वाचलं होतं आणि स्वतःहून पत्रव्यवहार सुरू केला होता. आनंदीबाई त्यांना मावशी म्हणत. आणि या मावशींचं घर कुठे? रोझेल, न्यू जर्सी. डनेलनहून ट्रेननं न्यूयॉर्कला जाता ना, तेव्हा वाटेत रोझेल पार्क स्टेशन येतं, तोच भाग. त्या गावात त्याच वर्षी जानेवारीत एडिसननं खांबांवरून तारा ओढून विजेचे दिवे लावले होते. अमेरिकेतला तिचा पहिला उन्हाळा तिनं आपल्या ओक ट्री रोडपासून अर्ध्या तासावर काढला. ऑक्टोबरात ती फिलाडेल्फियाच्या महिला मेडिकल कॉलेजात गेली आणि मार्च १८८६ मध्ये डॉक्टर झाली. पण तिथल्या थंडीनं आणि क्षयानं तब्येत खाल्ली. १८८६ च्या ऑक्टोबरात ती न्यूयॉर्कहून परत निघाली. पुतळ्याचं उद्घाटन त्याच महिन्यात, २८ तारखेला झालं. तोपर्यंत ती समुद्रावर होती.

ईस्ट रिव्हर ही नदी नाही, समुद्राची चिंचोळी पट्टी आहे, हे मुलांना आवडतं. पुढे हार्लेम रिव्हर, खूप सारे छोटे पूल, थोडा कंटाळवाणा भाग. आजी-आजोबांना इथे डबा उघडून द्या. टोकाला एक गंमत आहे: १८९५ मध्ये बोटींसाठी कालवा खणला तेव्हा मार्बल हिल नावाचा मॅनहॅटनचा तुकडा पलीकडे राहिला. आज तो ब्राँक्सला चिकटलेला आहे, पण कागदोपत्री मॅनहॅटनच.

मग बोट परत हडसनमध्ये येते आणि जॉर्ज वॉशिंग्टन ब्रिजखालून दक्षिणेला लागते. आता डावीकडे रिव्हरसाइड चर्चचा उंच मनोरा शोधा. त्याच्या मागे टेकाडावर कोलंबिया युनिव्हर्सिटी. दुसरा प्रवासी तिथला. १९१३ च्या जुलैत बावीस वर्षांचे भीमराव आंबेडकर सयाजीराव गायकवाडांच्या शिष्यवृत्तीवर बोटीनं न्यूयॉर्कला आले. चर्चचा मनोरा आणि हा पूल दोन्ही नंतरचे, पण अलीकडची जनरल ग्रँटची घुमटाची समाधी तेव्हा होती. आणि खाली, फेरीच्या सुरुवातीला जी वूलवर्थ बिल्डिंग दिसली, ती त्याच वर्षी एप्रिलमध्ये उघडली होती, तेव्हाची जगातली सगळ्यात उंच इमारत. आनंदीबाईंना नवा कोरा पूल, बाबासाहेबांना नवी कोरी इमारत.

मुलांना बाबासाहेब म्हटलं की संविधान आठवतं, तेही आठवलं तर. त्यांना सांगा की इथे ते आधी अर्थशास्त्र शिकत होते, तेही माझ्या आवडीचं, सरकारी जमाखर्चाचं. १९१५ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीच्या कारभार आणि वित्तव्यवस्थेवर प्रबंध. ब्रिटिश हिंदुस्थानातल्या प्रांतांच्या वित्तव्यवस्थेवरचं त्यांचं पुस्तक १९२५ ला निघालं, त्याला प्रस्तावना त्यांचे इथले प्राध्यापक सेलिग्मन यांची. कोण कर गोळा करतो, कोण खर्च करतो आणि जाब कुणाला देतो, हा प्रश्न ते त्या टेकाडावर बसून सोडवत होते. आणि १९१६ च्या मे महिन्यात त्यांनी तिथेच एका सेमिनारमध्ये भारतातल्या जातींवरचा निबंध वाचला. त्याच वर्षी ते लंडनला गेले.

ते वेळेत आले. १९१७ मध्ये अमेरिकेनं नकाशावर रेघा मारून आशियाचा मोठा भाग, त्यात हिंदुस्थान, स्थलांतरितांसाठी बंद करून टाकला. १९२३ ला सुप्रीम कोर्टानं भगतसिंग थिंद यांच्या खटल्यात सांगितलं की हिंदी माणूस नागरिक होऊ शकत नाही. १९४६ ला दार किलकिलं झालं: वर्षाला १०० माणसं. अख्ख्या देशातून शंभर! एलिस आयलंडच्या बऱ्याचशा वर्षांत आपलं नाव नाही, त्याचं हे कारण आहे. आपल्याला यायचं नव्हतं म्हणून नाही.

आणि मग ३ ऑक्टोबर १९६५. लिंडन जॉन्सन यांनी देशवार कोटा रद्द करणाऱ्या नव्या कायद्यावर सही केली ती व्हाइट हाउसमध्ये नाही, लिबर्टी आयलंडवर, पुतळ्याच्या पायाशी, उघड्यावर टेबल मांडून. तुमच्या ओळखीतले जे काका सत्तरच्या दशकात इंजिनिअर किंवा डॉक्टर म्हणून आले, ते या सहीवर आले. त्यांच्या मागून आपण. फेरीच्या सुरुवातीला सगळे फोन वर करतात तेव्हा मी मुलीला हेच दाखवते, मशाल नाही, खालची ती मोकळी जागा. तिनं तक्त्यात ‘एन/ए’ खोडलं नाही, शेजारी बारीक अक्षरात ‘शेजारचं बेट, १९६५’ असं लिहिलं.

बोट जिथे धक्क्याला लागते तिथून हडसन उलट वर गेलं, की साधारण ऐंशी मैलांवर पकीप्सी नावाचं गाव आहे. आनंदीबाई २६ फेब्रुवारी १८८७ ला पुण्यात गेल्या, बावीस वर्षं पुरी व्हायच्या आत. त्यांची रक्षा कार्पेंटर मावशींकडे पाठवली गेली आणि त्यांनी ती पकीप्सीला आपल्या घरच्यांच्या दफनभूमीत ठेवली. दगडावर नाव आहे, नावापुढे एम.डी. आहे. ग्रँड सेंट्रलहून पकीप्सीला थेट ट्रेन जाते, दोनेक तास. जाताना डावीकडची खिडकी धरा, नदी जवळजवळ सगळा वेळ त्या बाजूला असते. आणि फुलं इथूनच घेऊन निघा.