ड्रेडनॉट आणि तिची ‘अजिंक्य’ बहीण

आजची गोष्ट शेवटापासून सुरू करू.

३१ मे १९१६. डेन्मार्कजवळचा उत्तर समुद्र, जटलंडची लढाई. दुपारी चारच्या सुमाराला ‘इन्डिफॅटिगेबल’ या ब्रिटिश नौकेचा स्फोट झाला. अर्ध्या तासात ‘क्वीन मेरी’ गेली. संध्याकाळी साडेसहाच्या सुमाराला ‘इन्व्हिन्सिबल’ मधोमध फुटली आणि तिचे दोन तुकडे झाले. इन्व्हिन्सिबल म्हणजे अजिंक्य! हजाराहून अधिक माणसांपैकी सहा जण वाचले. तिन्ही नौका मिळून तीन हजार तीनशेच्या आसपास माणसं गेली.

जगातल्या सगळ्यात बलाढ्य आरमाराच्या या नौका फटाक्यासारख्या का उडाल्या? उत्तर शोधायला अकरा वर्षं मागे जावं लागेल.

मे १९०५. त्सुशिमाच्या सामुद्रधुनीत जपानच्या अॅडमिरल टोगोंनी रशियाचं आरमार बुडवलं. आशियातल्या देशानं युरोपातल्या साम्राज्याला हरवलं, याचा आनंद आपल्याकडेही झाला. शाळेसाठी इंग्लंडला गेलेल्या पंधरा वर्षांच्या जवाहरलाल नेहरूंनी ही बातमी रेल्वेत वाचली होती. आत्मचरित्रात त्यांनी ती आठवण लिहून ठेवली आहे.

नौका बांधणाऱ्यांनी मात्र या लढाईकडे वेगळ्या नजरेनं पाहिलं. तोवरच्या युद्धनौकेवर तोफांची सरमिसळ असे. टोगोंच्या ‘मिकासा’वर बारा इंची तोफा फक्त चार, आणि सहा इंची चौदा. लढाई जवळून होणार असेल तर हे ठीक. पण आता किलोमीटरांच्या अंतरावरून मारा सुरू झाला होता. इतक्या लांबून नेम कसा धरायचा? गोळा पाण्यात पडला की पाण्याचा उंच फवारा उडतो. तो शत्रूच्या अलीकडे उडाला की पलीकडे, हे बघून तोफ वर-खाली करायची. वेगवेगळ्या आकाराचे गोळे एकाच वेळी पडले, तर कुठला फवारा कुठल्या तोफेचा हे कळणार कसं?

मग सरळ उपाय म्हणजे सगळ्या मोठ्या तोफा एकाच मापाच्या ठेवायच्या. इटलीच्या व्हित्तोरिओ कुनिबेर्ती या अभियंत्यानं १९०३ मध्येच हे लेखातून मांडलं होतं. अमेरिकाही त्याच वाटेवर होती. पण बाजी मारली ती ब्रिटनच्या जॉन फिशर यांनी. सिलोनमध्ये जन्मलेला हा माणूस १९०४ मध्ये ब्रिटिश आरमाराचा प्रमुख झाला, आणि वाट बघणं त्याच्या स्वभावात नव्हतं.

२ ऑक्टोबर १९०५ ला पोर्ट्समथमध्ये ‘ड्रेडनॉट’चं काम सुरू झालं. १० फेब्रुवारी १९०६ ला राजा सातव्या एडवर्डच्या हस्ते ती पाण्यात उतरली, आणि वर्ष संपायच्या आत आरमारात दाखलही झाली. तिच्यावर बारा इंची दहा तोफा होत्या, त्यातल्या आठ एकाच बाजूला मारा करू शकत. म्हणजे जुन्या दोन नौकांचं काम ती एकटी करणार. शिवाय जुन्या धडधडणाऱ्या इंजिनांऐवजी पार्सन्सची वाफेची टर्बाइनं आणि २१ नॉटचा वेग.

पण यात एक गंमत होती. ड्रेडनॉटनं जगातली प्रत्येक युद्धनौका जुनी ठरवली, आणि त्यात सगळ्यात जास्त नौका होत्या खुद्द ब्रिटनच्याच! अनेक दशकांची आघाडी एका फटक्यात पुसली गेली. जर्मनीनं लगेच ‘नासाऊ’ वर्गाच्या नौका बांधायला घेतल्या. १९०९ पर्यंत लंडनमध्ये नव्या आठ नौकांसाठी लोकांनी धोशा लावला, आणि सरकारला त्या मान्य कराव्या लागल्या.

आता मुख्य मुद्दा. नौकेचं वजन म्हणजे महिन्याच्या पगारासारखं असतं. तोफा, चिलखत आणि वेग या तिघांत ते वाटायचं. एकाला जास्त दिलं की दुसऱ्याच्या वाट्याचं कमी होतं. फिशर यांचा जीव अडकला होता वेगात. वेग हेच चिलखत, असं ते मानत. म्हणून ड्रेडनॉटपाठोपाठ बॅटलक्रूझर हा नवा प्रकार आला. त्यातली पहिली इन्व्हिन्सिबल. बारा इंची आठ तोफा, वेग २५ नॉट; आणि बाजूचं चिलखत? ड्रेडनॉटचं अकरा इंच, हिचं जेमतेम सहा इंच.

डिसेंबर १९१४ मध्ये फॉकलंड बेटांजवळ हिनं आणि हिच्या जोडीदार नौकेनं जर्मनीच्या दोन क्रूझर बुडवल्या. शत्रू कमी ताकदीचा असेल तर हिशोब बरोबर होता. पण एवढ्या मोठ्या तोफा हाताशी असताना कुठला सेनापती तिला मोठ्या लढाईबाहेर ठेवील?

जर्मनीनं वाटणी वेगळी केली होती. त्यांच्या ‘फॉन डेर टान’च्या तोफा अकरा इंची, पण चिलखत सुमारे दहा इंच. जटलंडला तिनंच सहा इंची चिलखताची इन्डिफॅटिगेबल बुडवली.

मग दोष फक्त पातळ चिलखताचा? नाही. क्वीन मेरीचं चिलखत नऊ इंची होतं, तरीही ती गेली. भराभर मारा करता यावा म्हणून ब्रिटिश नौकांवर रेशमी पिशव्यांतली दारू कोठाराबाहेर रचून ठेवत, दरवाजेही उघडे ठेवत. तोफेच्या बुरुजात आग लागली की ज्वाळा थेट कोठारात. ‘लायन’ या नौकेवर हेच घडणार होतं. मेजर फ्रान्सिस हार्वी यांनी मरता मरता कोठारात पाणी सोडायचा हुकूम दिला, म्हणून ती वाचली. त्यांना मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला.

जर्मनांना हा धडा आधीच मिळाला होता. जानेवारी १९१५ मध्ये डॉगर बँकच्या लढाईत त्यांच्या ‘झायडलिट्झ’चे दोन बुरूज जळाले, दीडशेहून अधिक माणसं गेली. त्यांनी त्यातून दारू हाताळण्याची पद्धत सुधारली. जटलंडला याच नौकेनं वीसहून अधिक मोठे गोळे आणि एक टॉर्पेडो झेलला. ती जवळजवळ बुडत होती, तरी बंदरात परत आली.

त्याच दिवशी ब्रिटनच्या ‘क्वीन एलिझाबेथ’ वर्गातल्या चार नव्या नौकाही लढत होत्या. कोळशाऐवजी तेलावर चालणाऱ्या, पंधरा इंची तोफा, जाड चिलखत आणि तरी चांगला वेग. त्यांनी मार खूप खाल्ला, पण एकही बुडाली नाही. पुढच्या काळातल्या युद्धनौकांनी हीच वाट धरली.

आणि ड्रेडनॉट? ती डागडुजीसाठी बंदरात असल्यानं जटलंडला नव्हतीच. सगळ्या युद्धात तिनं बुडवली एक जर्मन पाणबुडी, तीही धडक देऊन. ज्या दहा तोफांसाठी जगानं एवढी स्पर्धा केली, त्यांनी शत्रूची एकही युद्धनौका बुडवली नाही.

मंडळी, कागदावर वेग हे चिलखत असू शकतं. समुद्रावर मात्र तो फरक भरून काढला त्या तीन हजारांहून अधिक माणसांनी; आणि नौकेचा आराखडा काढताना त्यांना कुणी विचारलं नव्हतं.

पुढच्या भागात भेटूच.