पितळेचा पावसाळा : माळ्यावरच्या सॅक्सोफोनचं काय होतं?

मंडळी, राहूत बसून सॅक्सोफोनवर बोलायचं म्हटल्यावर काहींना हसू आलं. बँडवाल्यांच्या घरात वाढलेल्यांना मात्र आलं नसेल. लग्नसराई संपते, आषाढी एकादशी येते आणि मुहूर्त बंद होतात. गणपतीची सुपारी मिळाली तर मिळाली, नाहीतर वाद्यं पेटीत, पेटी माळ्यावर, आणि माळा बऱ्याचदा गोठ्याला लागून. कार्तिकीनंतर पेटी उघडावी तर पितळेवर हिरवा कळंक आणि कुठंतरी केसासारखी बारीक चीर. मग ठरलेलं वाक्य येतं, ‘पोरानं पाडला असणार.’ पोराच्या हजेरीतून पैसे कापले जातात. हा आरोप आज आपण तपासू.

आधी वाद्य समजून घेऊ. मूळचा बेल्जियमचा अडॉल्फ सॅक्स यानं 1846 मध्ये फ्रान्समध्ये त्याचं पेटंट घेतलं. पातळ पितळी पत्र्याची निमुळती नळी, तिला वीसहून अधिक भोकं, वर वळवलेला भोंगा. अंगावर चाव्या, सळया आणि त्यांना धरणारे, डाखानं बसवलेले छोटे खांब. म्हणजे सगळं काम ठोकून, ओढून, वाकवून केलेलं. पितळ नीट तापवून सैल केलं नाही, तर त्या ओढाताणीचा ताण पत्र्यात तसाच राहतो.

आता थोडं इंग्रजांच्या पागेत जाऊ. त्यांच्या हिंदुस्थानातल्या फौजेची काडतुसं पितळेची होती, साधारण 70 भाग तांबं आणि 30 भाग जस्त. पावसाळ्यात मोहिमा मंदावत, तेव्हा दारूगोळा तबेल्यांत ठेवला जाई. पाऊस सरल्यावर पाहावं तर काडतुसांना तडे! कुणी हात लावला नव्हता, काही पडलंही नव्हतं. तडे पावसाळ्यात जात म्हणून इंग्रजांनी नाव ठेवलं ‘सीझन क्रॅकिंग’. मूर, बेकिन्सेल आणि मॅलिन्सन यांनी 1921 मध्ये त्याचा उलगडा केला : घोड्यांच्या मुताचा अमोनिया, दमट हवा आणि पितळेत उरलेला ताण, तिन्ही एकत्र आले की पितळ आपोआप तडकतं. काडतुसं बेतानं तापवून ताण काढला की तडे थांबत.

आता आपलं राहू बेट पाहा. एका अंगाला भीमा, दुसऱ्या अंगाला मुळा-मुठा, मध्ये ऊस आणि दावणीला जनावरं. गाईम्हशींचं मूत काही वेगळं नाही, आणि ओलावलेल्या युरियाच्या गोणीतूनही अमोनियाच सुटतो. पेटी ठेवायला याहून वाईट जागा शोधून सापडायची नाही!

मग पडलेला आणि सडलेला ओळखायचा कसा? पडलेल्या वाद्याला पोचा असतो, नळी वाकते, खांब सरकतात, चाव्या अडतात. पोचा कारागीर आतून दाबून काढतो. पोचा नाही, पण भोकाच्या कडेला किंवा वळणावर चीर आहे, तर आधी पोराकडे नाही, माळ्याकडे बघा. तांबूस ठिपके दिसले तर तिथलं जस्त निघून गेलंय, पत्रा ठिसूळ झालाय. तिथं ठोकाठोक नको. चामड्याचे पॅड कडक झाले असतील तर ते बदलता येतात, त्याची काळजी नको.

अंधाऱ्या खोलीत नळीत छोटा दिवा सोडा. झाकलेल्या भोकातून उजेड आला तर पॅड बसत नाही. पत्र्यातूनच उजेडाची रेघ आली तर तडा आरपार गेलाय. हजेरी कापण्याआधी एवढं तरी बघावं.