टसर पतंग
टसर पतंग : (अँथेरिया मायलिट्टा). लेपिडोप्टेरा गणाच्या सॅटर्निइडी कुलातील हा मोठा पतंग मध्य व पूर्व भारताच्या पानझडी जंगलांत, झारखंड, छत्तीसगड व ओडिशापासून पूर्व विदर्भापर्यंत आढळतो. ऐन, अर्जुन व साल हे त्याच्या अळीचे मुख्य खाद्यवृक्ष असून ती बोरीवरही वाढते. हजारो वर्षांच्या पाळणुकीने तुतीच्या रेशीमकिड्याच्या पतंगाची उडण्याची शक्तीही गेली. टसर पतंग मात्र रानटीच राहिला, आणि या रेशमाचा सारा इतिहास त्याच्या रानटीपणाने घडविला आहे.

हा इतिहास अलीकडेच बराच मागे गेला. हडप्पा येथील तांब्याच्या अलंकारांत अडकून राहिलेले तंतू याच जातीच्या रेशमाचे असल्याचे 2009 मध्ये प्रसिद्ध झालेल्या सूक्ष्मदर्शकीय अभ्यासात दिसून आले. त्यांचा काळ सुमारे इ. स. पू. 2450–2000 असा आहे. रेशमाचा प्राचीन वापर फक्त चीनमध्येच होता, हे मत त्यामुळे मागे पडले. महाराष्ट्रात नेवासे येथील ताम्रपाषाणयुगीन थरांतही तांब्याचे मणी ओवलेल्या दोऱ्यात रेशीम आढळले आहे.

मादी साधारणतः दीडशे ते अडीचशे अंडी घालते. आठ-दहा दिवसांत निघणारी अळी चार वेळा कात टाकून हिरवी व बोटाएवढी जाड होते आणि महिना-दीड महिन्यात कोश विणते. कोशाचा चिवट देठ ती डहाळीभोवती कड्यासारखा गुंडाळते. पाने गळणाऱ्या झाडावर कोश टिकण्यास हीच युक्ती उपयोगी पडते. काही कोशांतील कोशित हिवाळा व उन्हाळा निद्रावस्थेत काढून पावसाच्या सुमारास पतंगरूपाने बाहेर पडतात. पंखांवर पारदर्शक डोळ्यांसारखे ठिपके असलेला हा पतंग काहीच खात नाही व थोड्याच दिवसांत मरतो.

विल्यम रॉक्सबर्ग यांनी 1804 मध्ये प्रसिद्ध केलेल्या वृत्तांतात टसरची जुनी रीत आली आहे. झाडाखाली विष्ठा दिसली की वनवासी अळ्या हेरीत, फांद्यांसह त्या गावाजवळच्या ऐनांवर आणून सोडीत आणि पक्ष्यांपासून त्यांची राखण करीत. टॉमस वॉर्डल यांनी टसर रंगविण्याच्या पद्धती सुधारल्यावर, विशेषतः 1878 च्या पॅरिस प्रदर्शनानंतर, यूरोपात त्याला मागणी आली. त्याच सुमारास मुंबई इलाख्यात मेजर कूसमेकर यांनी टसर संगोपनाचे प्रयोग केले. पण हा पतंग घरात नांदला नाही. रांचीची केंद्रीय टसर संशोधन संस्था 1964 मध्ये स्थापन झाली, तरी अळ्या आजही उघड्या झाडांवरच वाढवाव्या लागतात.

विदर्भात या रेशमाला कोसा म्हणतात. भंडारा व गडचिरोली भागांत ढिवर कुटुंबे पावसाळ्यापासून हिवाळ्याच्या तोंडापर्यंत ऐनाच्या रानात मुक्काम करून अळ्यांची पीके घेतात व मुंग्या, गांधीलमाश्या आणि पक्षी यांना दूर ठेवतात. त्याच सुतापासून कोष्टी विणकर करवतीसारख्या दातेरी काठाची करवती साडी विणतात. झाडे सरकारी जंगलातील असल्याने कोशांचे पीक वनखात्याच्या परवानगीवरही अवलंबून असते.