विषाची नोंद आणि हेतूचा रकाना

सतराव्या शतकातील लंडन शहरात मयतांची साप्ताहिक यादी छापून विकली जात असे, आणि तीत लिहावयाचे मृत्यूचे कारण ठरविण्याचे काम वैद्यांकडे नव्हे, तर स्थानिक चर्चने नेमलेल्या, बहुधा वृद्ध आणि निर्धन, स्त्रियांकडे असे. या याद्यांवरून जॉन ग्राँट नामक व्यापाऱ्याने १६६२ साली जो ग्रंथ रचला, त्याच्या कोष्टकात गळफासाने वा अन्य रीतीने आपला जीव आपणच घेणाऱ्यांचा एक रकाना आहे आणि विषाने मेलेल्यांचा निराळा. गळफास पाहिला की मरणाराचा इरादा बहुधा कळतो. विष मात्र चुकून पोटात गेले, कोणी घातले, की जाणूनबुजून घेतले, याविषयी प्रेत मुके असते.

शिवाय हा प्रश्न निव्वळ जिज्ञासेचा नव्हता. आत्मघातक्याची मालमत्ता सरकारजमा करण्याचा इंग्लंडातील कायदा १८७० पर्यंत जिवंत असल्यामुळे, विधवेच्या आणि मुलांच्या तोंडचा घास जाऊ नये म्हणून पंच मंडळी ‘मयत भ्रमिष्ट होता’ असा निर्वाळा देऊन मोकळी होत. त्यांच्या त्या खोटेपणाला दोष देण्यास निदान माझी लेखणी धजत नाही.

पुढे विल्यम फारने लंडनच्या निबंधक कार्यालयात बसून मृत्यूंच्या वर्गीकरणाला शास्त्रीय शिस्त लावली, आणि १८९३ साली शिकागो येथील परिषदेत पॅरिस नगरीच्या सांख्यिकी खात्याचे प्रमुख झाक बर्तियाँ यांनी मृत्यूच्या कारणांची आपली सूची मांडली. (गुन्हेगारांची शरीरमापे घेऊन त्यांची ओळख पटविणारे आल्फाँस बर्तियाँ हे यांचेच बंधू; एका घराण्यात एकाने जिवंतांची आणि दुसऱ्याने मृतांची दप्तरे लावावीत, हा योग मोठा मौजेचा.) १९४८ साली ही सूची जागतिक आरोग्य संघटनेच्या स्वाधीन झाली, आणि तिच्या सहाव्या आवृत्तीत एक महत्त्वाची सोय झाली: देहाला काय झाले याचा संकेतांक वेगळा आणि ते कशामुळे घडले याचा वेगळा. पहिला वैद्याने परीक्षेने सांगावा. दुसऱ्यासाठी मात्र वैद्याला नातलगांच्या जबानीकडे आणि पोलिसांच्या पंचनाम्याकडे पाहावे लागे. आठव्या आवृत्तीत, म्हणजे १९६८ पासून, ‘अपघात की हेतुपुरस्सर, हे अनिर्णित’ असा स्वतंत्र वर्ग अवतरला. अज्ञान कबूल करण्यास जागा देणारा हा रकाना मला साऱ्या सूचीत सर्वांत प्रामाणिक वाटतो.

आपल्याकडे १८६० च्या दंडसंहितेचे ३०९ वे कलम आत्महत्येच्या प्रयत्नाला शिक्षा सांगत असल्याने, शुद्धीवर आलेला रुग्ण आणि त्याचे आप्त ‘खोकल्याचे औषध समजून चुकून घेतले’ हीच हकीकत सांगत. डॉक्टर केसपेपरवर ‘एमएलसी’ (न्यायवैद्यकीय प्रकरण) असा शेरा मारून चौकीला कळवी, आणि रुग्ण दगावल्यास ठाण्यात अकस्मात मृत्यूची नोंद होऊन व्हिसेरा रासायनिक विश्लेषकाकडे जाई. विश्लेषकाच्या अहवालात विषाचे नाव सापडे, हेतू नव्हे. २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याने असा रुग्ण तीव्र ताणाखाली होता असे गृहीत धरण्याचा आदेश दिला, आणि १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या न्यायसंहितेतून ते कलम गळले. मात्र जबानी देताना कचरण्याची पिढ्यानुपिढ्यांची सवय कायद्याबरोबर गळली असेल असे मानण्यास मी तयार नाही.

अमेरिकेने २०१५ साली लागू केलेल्या या सूचीच्या आपल्या सुधारित आवृत्तीत औषध आणि हेतू पुन्हा एकाच संकेतांकात आणले. टी३९.१एक्स२ए म्हणजे पॅरासिटामॉलच्या गटातील औषधाची, स्वतःस इजा करण्याच्या उद्देशाने झालेली विषबाधा. त्यातील सहाव्या स्थानी १ आला तर अपघात, २ आला तर स्वतःहून, ३ आला तर परक्याने केलेला घात, आणि ४ आला तर अनिर्णित. हेतूविषयी कागदात काहीच नसेल तर १ लिहावा, आणि हेतू ठरविता येत नाही असे डॉक्टरने स्पष्ट नमूद केले असेल तरच ४ लिहावा, असा तेथील दंडक आहे. पुण्यातील वा नवी मुंबईतील एखाद्या कचेरीत हे संकेतांक लावण्यासाठी तिकडचे कागद वाचणारा आपला मराठी तरुण रुग्णाला कधी पाहत नाही. टाचणातील सारा मजकूर आत्मघाताकडे बोट दाखवीत असला तरी स्वतःच्या तर्काने तो २ लिहू शकत नाही, आणि डॉक्टरला विचारणा धाडून उत्तर येईपर्यंत ती फाइल बाजूला ठेवतो.