सरकारने बनवलेली अतरंगी फिल्म: काय आहे प्रमोद पतींची 'आबिद'?

फिल्म्स डिव्हिजन म्हटलं की सिनेमाआधी थिएटरमध्ये सक्तीने दाखवले जाणारे माहितीपट आठवतात. पण मुंबईतल्या याच सरकारी संस्थेसाठी प्रमोद पती यांनी १९७२ मध्ये 'आबिद' ही प्रायोगिक शॉर्ट फिल्म बनवली. 'ढब्बूजी'वाले चित्रकार आबिद सुरती यात रंगवलेल्या खोलीत अक्षरशः कार्टूनसारखे सरकतात. गोष्ट? ती नाहीच.

या तंत्राला 'पिक्सिलेशन' म्हणतात. माणसाने जरासं हलायचं, कॅमेऱ्याने एक फ्रेम टिपायची, पुन्हा हलायचं. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे काम किती किचकट बघा! पती प्रागमध्ये यिरी त्रन्का यांच्याकडे ॲनिमेशन शिकले होते. कुटुंब नियोजनासारखा सरकारी विषयही त्यांनी 'क्लॅक्सप्लोजन'मध्ये (१९६८) असाच प्रयोग करून मांडला.