लोणारची आघातजन्य काच : कालनिर्णयाचे साधन व त्याच्या मर्यादा

प्रस्तावना :
काळाचा ओघ मागेपुढे वळविणारा एखादा पदार्थ मानवाच्या हाती लागला तर काय होईल, या कल्पनेने विज्ञानकथालेखकांना नेहमीच मोहविले आहे. असा पदार्थ प्रत्यक्षात नाही. तथापि बुलढाणा जिल्ह्यातील लोणार येथील आघातजन्य काच इतिहासाच्या अभ्यासकापुढे काहीसा तसाच पेच उभा करते. एका पद्धतीने तपासल्यास ती विवराचे वय ५२ हजार वर्षे सांगते, तर दुसऱ्या पद्धतीने ५ लाख ७० हजार वर्षे. प्रस्तुत लेखात या काचेचे इतिहासलेखनातील उपयोग व धोके यांचा विचार केला आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी :
लोणारचे विवर सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचे असून त्याच्या तळाशी खारे, अल्कधर्मी पाणी आहे. लवणासुराचा विष्णूने दैत्यसूदन रूपाने वध केला, ही कथा या स्थळाशी जोडलेली आहे व गावातील दैत्यसूदन मंदिर तिची साक्ष देते. सोळाव्या शतकाच्या अखेरीस अबुल फजलने ‘आईन-इ-अकबरी’त वऱ्हाड सुभ्याचे वर्णन करताना लोणारचा उल्लेख पवित्र क्षेत्र म्हणून केला. काच व साबण तयार करण्यास लागणारी सामग्री येथे मिळते, अशी नोंदही त्याने केली. म्हणजे निसर्गाने घडविलेली काच ओळखली जाण्यापूर्वी कित्येक शतके लोणार हे काचेच्या कच्च्या मालासाठी परिचित होते. १८२३ मध्ये सी. जे. ई. अलेक्झांडर या ब्रिटिश अधिकाऱ्याने सरोवराची नोंद घेतली. पुढे दीर्घकाळ हे विवर ज्वालामुखीजन्य मानले गेले. दख्खनच्या लाव्हा-पठारावरील विवराबाबत असा तर्क होणे स्वाभाविकच होते.

काचेची साक्ष :
हा तर्क काचेने खोडून काढला. विवराच्या तळाशी छिद्रे घेऊन मिळविलेल्या नमुन्यांत मॅस्केलिनाइट आढळले व १९७३ मध्ये फ्रेड्रिक्सन, दुबे, मिल्टन आणि बालसुंदरम् यांनी ‘सायन्स’ या नियतकालिकात लोणार हे बेसाल्ट खडकातील उल्काघात विवर असल्याचे मांडले. मॅस्केलिनाइट हे फेल्डस्पार खनिजाचे काचसदृश रूप होय. वातावरणाच्या दाबाच्या काही लाख पट दाबाचा धक्का बसल्यावर ते निर्माण होते; ज्वालामुखीतून असा दाब उत्पन्न होत नाही. विशेष म्हणजे हा पदार्थ प्रथम वर्णिला गेला तो १८६५ मध्ये बिहारमधील शेरघाटी येथे पडलेल्या उल्कापाषाणातून. बेसाल्टमधील आघातविवरे पृथ्वीवर दुर्मीळ असल्याने चंद्र व मंगळाच्या अभ्यासकांनाही लोणारचे महत्त्व वाटते.

एक काच, दोन काळ :
१९९७ मध्ये सेनगुप्ता, भंडारी व वातानाबे यांनी तापदीप्ती पद्धतीने ५२ हजार वर्षे (अधिक-उणे ६ हजार) हे वय काढले. नैसर्गिक किरणोत्सर्गाची ऊर्जा पदार्थात साठत जाते. तीव्र उष्णतेने हा साठा रिकामा होतो आणि घड्याळ शून्यावर येते, हे या पद्धतीचे तत्त्व. २०११ मध्ये फ्रेड जॉर्डन व सहकाऱ्यांनी आरगॉन-आरगॉन पद्धतीने ५ लाख ७० हजार वर्षे (अधिक-उणे ४७ हजार) हे वय मांडले. येथे पोटॅशियमच्या ऱ्हासातून साठलेला आरगॉन वायू मोजला जातो.

दोन्ही घड्याळे चुकू शकतात. साठलेली ऊर्जा कालौघात गळत राहिली तर तापदीप्तीचे वय कमी दिसते. उलटपक्षी, सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या मूळ खडकातील आरगॉन वितळताना पूर्णपणे निसटला नाही, तर काच आहे त्यापेक्षा जुनी भासते. काच काळ वाकवीत नाही. तिचा इतिहास अपुरा कळला तर अभ्यासकाची कालगणना मात्र वाकते. पुणे जिल्ह्यातील बोरी येथील अश्मयुगीन हत्यारांसोबतच्या ज्वालामुखीय राखेबाबतही हेच घडले. त्या राखेचे वय काहींनी सुमारे ७५ हजार, तर काहींनी सहा लाखांहून अधिक वर्षे मानले.

इतिहासलेखनातील धोका :
लवणासुराच्या भूमिगत निवासावरील झाकण देवाने दूर उडविले, या कथेत उल्कापाताची प्रत्यक्ष स्मृती शोधण्याचा मोह होतो. ५२ हजार हा आकडा या मोहास खतपाणी घालतो. मात्र ५ लाख ७० हजार वर्षे हे वय ग्राह्य धरल्यास घटनेच्या वेळी आधुनिक मानव अस्तित्वातच नव्हता. त्याचे ज्ञात सर्वांत जुने अवशेष सुमारे तीन लाख वर्षांपूर्वीचे आहेत. अल्प वय स्वीकारले तरी पन्नास हजार वर्षे अखंड चाललेल्या मौखिक परंपरेचा कोणताही पुरावा नाही. वर्तुळाकार खोलगट भूमी व खारे पाणी पाहून नंतरच्या समाजाने त्यांचा अर्थ लावला, हे अनुमान अधिक संयुक्तिक ठरते. त्यामुळे कथेचे मोल कमी होत नाही. ती उल्कापाताचा नव्हे, तर लोकांच्या निसर्गाकलनाचा पुरावा ठरते.

दुसरा धोका भौतिक आहे. आघाताने बाहेर फेकलेला मलबा विवराच्या कडेबाहेर शेतांत व वस्तीलगत पसरला आहे. स्थान व थर यांची नोंद न करता उचललेला काचेचा तुकडा शोभेची वस्तू ठरतो, पुरावा राहत नाही. २०२० मध्ये लोणारला रामसर पाणथळ स्थळाचा दर्जा मिळाला. परंतु वयाचा वाद सोडविण्यासाठी पाण्याइतकेच कडेबाहेरील या मलब्याचेही जतन आवश्यक आहे.

समारोप :
लोणारच्या काचेने विवराचे मूळ निश्चित केले, वय मात्र सर्वमान्य होईल असे निश्चित केले नाही. म्हणून अध्यापनात व लेखनात लोणारचे वय देताना केवळ आकडा न देता पद्धत, वर्ष व संभाव्य त्रुटीही द्यावी. भूविज्ञान व इतिहास या दोन्ही विभागांनी मिळून स्थाननोंदींसह नमुन्यांची सूची तयार केल्यास पुढील अभ्यासकांचे काम सुकर होईल.