जॉर्डानस (धर्मोपदेशक)

सेव्हेराकचे जॉर्डानस काताला हे चौदाव्या शतकातील फ्रेंच डॉमिनिकन धर्मोपदेशक, प्रवासी व लेखक होते. दक्षिण फ्रान्समधील सेव्हेराक हे त्यांचे गाव. ‘कातालानी’ या नावरूपामुळे त्यांना पूर्वी चुकीने कॅटलान समजले जाई. ठाणे व सोपारा येथील वास्तव्य आणि ‘मिराबिलिया देस्क्रिप्ता’ हा लॅटिन ग्रंथ यांसाठी ते ओळखले जातात.

ठाण्यातील घटना

१३२१ मध्ये जॉर्डानस चार फ्रान्सिस्कन धर्मबंधूंसह इराणमार्गे भारतात आले. कोल्लमला जाण्यासाठी निघालेले त्यांचे जहाज ठाणे बंदरास लागले. जॉर्डानस भडोचच्या वाटेवर असताना, काझीसमोर झालेल्या धर्मविषयक वादानंतर तोलेंतिनोचे थॉमस, पादुआचे जेम्स, सिएनाचे पीटर व तिफ्लिसचे देमेत्रियस या चौघांचा एप्रिल १३२१ मध्ये ठाण्यात वध करण्यात आला. परतल्यावर जॉर्डानस यांनी जिनोआच्या एका तरुणाच्या मदतीने त्यांचे मृतदेह सोपाऱ्यास नेऊन पुरले. पुढे इटालियन प्रवासी पोर्देनोनेचे ओदोरिक यांनी त्यांच्या अस्थी चीनमध्ये नेल्या.

पत्रे

जॉर्डानस यांची भारतातून लिहिलेली दोन पत्रे उपलब्ध आहेत. पहिले ऑक्टोबर १३२१ मध्ये घोघा येथून, तर दुसरे काही वर्षांनी ठाण्याहून लिहिलेले आहे. सहकाऱ्यांविना एकट्याने सोसलेल्या हालअपेष्टा सांगून त्यांनी आणखी धर्मबंधू पाठवण्याची विनंती केली. सोपारा, भडोच व कोल्लम ही ठिकाणे त्यांनी कार्यासाठी अनुकूल म्हणून सुचवली.

ग्रंथ

‘मिराबिलिया देस्क्रिप्ता’त भारताचे लहान, मोठा व तिसरा असे भाग कल्पिले आहेत. नारळास ‘नार्गिल’, तर फणसास मल्याळम शब्दाशी जुळणारे ‘चाकी’ हे नाव त्यात येते. ताडी, सती आणि वटवाघळे यांचीही माहिती आहे. अग्निपूजक लोक मृतांना पुरत किंवा जाळत नाहीत, तर छप्पर नसलेल्या मनोऱ्यात पक्ष्यांसाठी ठेवतात, हे वर्णन पारशी समाजाविषयीच्या सुरुवातीच्या युरोपीय उल्लेखांपैकी आहे. ऐकीव व अद्भुत गोष्टीही ग्रंथात असल्यामुळे प्रत्यक्ष पाहिलेले व ऐकलेले यांत फरक करून तो वाचावा लागतो. हेन्री यूल यांनी केलेला इंग्रजी अनुवाद १८६३ मध्ये हॅकलुइट सोसायटीने प्रसिद्ध केला.

बिशपपद

१३२९ मध्ये पोप बावीसावे जॉन यांनी कोल्लम धर्मप्रांताची स्थापना करून जॉर्डानस यांना तेथील पहिले बिशप नेमले.